हाशिमाला जायचंय? आधी बोटीच्या दोन तारखा धरा

हाशिमा म्हणजे जपानमधल्या नागासाकीजवळचं, कोळशाची खाण बंद पडल्यावर ओस पडलेलं बेट. ठाण्याहून तिथे पोहोचायला दीड-दोन दिवस लागतात आणि बेटावर पाय टेकतात ते जेमतेम चाळीस-पन्नास मिनिटं. तेही टेकतीलच असं नाही. नागासाकी महापालिकेचे उतरण्याचे निकष कडक आहेत. लाट अर्ध्या मीटरपेक्षा उंच असेल, वारा सेकंदाला ५ मीटरच्या वर असेल किंवा धुक्यामुळे ५०० मीटरवरचंही दिसत नसेल, तर कोणालाही उतरवायचं नाही. सेकंदाला ५ मीटर म्हणजे ताशी १८ किलोमीटर. तलावपाळीवर संध्याकाळी भेळेचा रिकामा कागद हातातून उडून जावा, एवढाच वारा. तेवढ्यावर बोट बेटाला वळसा घालते आणि परत फिरते.

म्हणून या सहलीची आखणी उलटीकडून करायची. एरवी आपण विमानाचं तिकीट काढतो, हॉटेल धरतो आणि उरलेल्या दिवसांत काय-काय बसतं ते बघतो. इथे आधी बोटीच्या दोन तारखा, त्यांच्याभोवती नागासाकीतल्या तीन रात्री, आणि टोकियो-क्योटो वगैरे त्यानंतर.

कोणत्या महिन्यात

मुलांच्या शाळेमुळे ठाणेकर आधी मे महिना बघतो. पण २९ एप्रिल ते ५ मे हा जपानचा सलग सुट्ट्यांचा आठवडा असतो. तेव्हा बोटी भरलेल्या आणि हॉटेलं महाग. जूनच्या सुरुवातीला तिकडचा पाऊस लागतो आणि जुलैचा मध्य उलटेपर्यंत हटत नाही. ऑगस्ट-सप्टेंबर वादळांचे. डिसेंबर ते फेब्रुवारी वायव्येचा वारा समुद्र खवळता ठेवतो, शिवाय डेकवर बोटं गारठतात. उरतात मार्चचा उत्तरार्ध आणि एप्रिल, सुट्ट्यांचा आठवडा सरल्यानंतरचा मे, आणि ऑक्टोबरचा मध्य ते नोव्हेंबर. थोडक्यात दिवाळीची सुट्टी सगळ्यात सोयीची, विशेषतः दिवाळी उशिरा असेल त्या वर्षी.

तिकिटाला हात घालण्यापूर्वी बेट मुळात उघडं आहे का ते बघा. २०१८ च्या ऑक्टोबरमधल्या वादळाने बेटावरच्या सोयींची एवढी मोडतोड झाली की काही महिने उतरणंच बंद होतं. २०२० मध्ये पुन्हा वादळाचा फटका बसला. अशा काळातही कंपन्या वळशाच्या फेऱ्या विकत असतात आणि तिसऱ्याच संकेतस्थळावरून आरक्षण करणाऱ्याला दोन्हींतला फरक कळत नाही. ‘उतरणं’ आणि ‘फेरी’ हे दोन शब्द आरक्षणाच्या पानावर नीट शोधा.

बोटीचं आरक्षण

नागासाकीतून चार-पाच कंपन्या परवान्याने बोटी सोडतात. बहुतेकांच्या दिवसाला दोन फेऱ्या असतात: एक सकाळी नऊच्या सुमारास, दुसरी दुपारी एकच्या आसपास. जाऊन-येऊन अडीच-तीन तास. भाडं माणशी चार-पाच हजार येन; महापालिकेचं बेटशुल्क तीनशे येनच्या आसपास, काही ठिकाणी ते वेगळं आणि रोख द्यावं लागतं. शंभर येन म्हणजे साठ रुपयांच्या आत-बाहेर, असा हिशेब डोक्यात ठेवा.

पहिलं आरक्षण नागासाकीत पोहोचल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळचं करा. दुसरं त्याच्या पुढच्या दिवशीचं, शक्यतो दुसऱ्या कंपनीचं. एकाच दिवसाच्या सकाळ-दुपारच्या दोन फेऱ्या घेण्यात फारसा अर्थ नाही, कारण सकाळी खवळलेला समुद्र दुपारी एकला क्वचितच शांत होतो. पहिल्या दिवशी उतरायला मिळालं की दुसरं आरक्षण रद्द करायचं. त्यासाठी किती तास आधी रद्द केलं तर किती पैसे कापतात ते आरक्षण करतानाच वाचून ठेवा. आदल्या संध्याकाळनंतर काहीच परत न देणारी कंपनी असेल, तर ती पहिल्या दिवसाला घ्या, दुसऱ्याला नको.

परताव्याबद्दल गैरसमज फार होतो. कंपनीने फेरीच रद्द केली तर पैसे पूर्ण परत मिळतात. पण बोट निघाली, बेटापर्यंत गेली आणि कप्तानाने उतरवायला नकार दिला, तर बहुधा बेटशुल्क परत मिळतं आणि भाड्यातली थोडी सूट, तीही कंपनीगणिक वेगळी. धक्क्यावर भांडून उपयोग नाही. अट तिकिटावर छापलेली असते.

वयाचीही अट असते. शाळेत न जाणाऱ्या लहान मुलांना काही कंपन्या घेत नाहीत. गरोदर बायकांना आणि स्वतःच्या पायाने जिने चढता न येणाऱ्यांनाही नकार मिळू शकतो. आजी-आजोबांना घेऊन जाणार असाल तर हे आधी विचारा. नाहीतर एवढ्या लांब जाऊन त्यांना धक्क्यावरच्या बाकावर बसवून ठेवायची वेळ येते.

व्हिसा आणि विमान

जपानच्या पर्यटक व्हिसाचा अर्ज व्हीएफएस या अर्ज स्वीकारणाऱ्या कंपनीच्या केंद्रातून जातो. सहा महिन्यांचं बँक स्टेटमेंट, आयकर विवरणपत्र, दिवसवार कार्यक्रम, जाण्या-येण्याची तिकिटं आणि हॉटेलची आरक्षणं जोडायची. कार्यक्रमात ‘नागासाकी, तीन रात्री’ असं लिहिलं की पुढे बदलाबदली करायला जागा राहते. एका प्रवेशाचा व्हिसा मिळाल्यापासून तीन महिने चालतो, त्यामुळे फार आधी काढू नका. प्रवासाच्या सहा-आठ आठवडे आधी अर्ज बरा.

व्हिसा आता इलेक्ट्रॉनिक मिळतो आणि इथेच लोक अडकतात. तो विमानतळावर फोनवर ऑनलाइन उघडूनच दाखवावा लागतो. छापील प्रत, पीडीएफ किंवा स्क्रीनशॉट चालत नाही. म्हणून ई-सिम किंवा रोमिंग मुंबईतच सुरू करून घ्या, फोन चार्ज ठेवा आणि आई-बाबांचा व्हिसा ज्या खात्यात आहे त्याचा पासवर्ड त्यांच्याबरोबर जाणाऱ्याला पाठ असू द्या.

मुंबईहून नागासाकीला थेट विमान नाही. टोकियोपर्यंत जाऊन तिथून देशांतर्गत विमान घेता येतं. नागासाकीचा विमानतळ समुद्रातल्या बेटावर आहे आणि शहरात यायला बसने पाऊण तास लागतो. त्याहून सुटसुटीत म्हणजे बँकॉक, सिंगापूर किंवा सोलमार्गे फुकुओका. तिथला आंतरराष्ट्रीय टर्मिनल आणि भुयारी रेल्वेचं स्थानक धावपट्टीच्या दोन बाजूंना आहेत, मधे फुकट बस चालते. त्यासाठी अर्धा तास धरा. फुकुओकाच्या हाकाता स्थानकावरून ‘रिले कामोमे’ गाडी पकडायची, ताकेओ-ओन्सेनला समोरच्याच फलाटावर उभ्या असलेल्या ‘कामोमे’ शिंकानसेनमध्ये चढायचं, की दीड तासात नागासाकी. दोन्ही गाड्यांचं तिकीट एकत्रच निघतं. डाउनच्या जलद गाडीतून उतरून समोरच्या धीम्या गाडीत चढणाऱ्याला हे शिकवावं लागणार नाही.

मुंबईला आता दोन विमानतळ झालेत, तेव्हा तिकिटावर कोणता आहे तो बघा. रात्रीचं विमान असेल आणि घर घोडबंदर रोडला असेल, तर गायमुख ते कापूरबावडी एवढ्याच टप्प्यासाठी एक तास वेगळा बाजूला काढा.

डब्याचं: हापूसची पेटी नेऊ नका, ताज्या फळांना रोगमुक्ततेचं सरकारी प्रमाणपत्र लागतं. मांसाचे पदार्थही नेता येत नाहीत. ठेपले, शेंगदाण्याची चटणी, मेतकूट, भाजणीचे वडे खुशाल न्या. शाकाहारी माणसाची नागासाकीत पंचाईत होते, कारण तिथला प्रसिद्ध चांपोन म्हणजे डुकराचं मांस आणि मासळी घातलेला शेवयांचा रस्सा, आणि भाजी म्हणून मागितलेल्या ताटातही माशाचा अर्क असतो.

निघण्यापूर्वी घरी करायचा अभ्यास

हा टप्पा वगळला तर बेटावरची ती पाऊण तासाची चाल म्हणजे पडक्या इमारतींसमोर काढलेले फोटो, एवढंच होतं. पायवाट सव्वादोनशे मीटरच्या आसपास, बघण्याच्या जागा तीन, माहिती सांगणारा बहुधा जपानीत बोलणारा. काय बघायचं ते आधी ठाऊक असेल तरच दिसतं.

आधी आकार लक्षात घ्या. बेट सुमारे ४८० मीटर लांब आणि १६० मीटर रुंद आहे, क्षेत्रफळ ६.३ हेक्टर. बारा डब्यांच्या दोन लोकल एकामागे एक उभ्या केल्या की बेट संपलं. १९५९ मध्ये यावर ५,२५९ माणसं राहत होती. संध्याकाळी सहाच्या सुमारास दादरहून सुटलेल्या एका गच्च लोकलमध्ये साधारण एवढीच असतात. फरक इतका की ही माणसं ठाण्याला उतरत नव्हती. शाळा, दवाखाना, सिनेमागृह, देऊळ, दुकानं, पोहण्याचा तलाव, सगळं त्या दोन लोकलच्या लांबीत. स्मशान मात्र नव्हतं. अंत्यसंस्कार शेजारच्या नाकानोशिमा या ओसाड खडकावर होत.

मूळ खडक आताच्या एक तृतीयांश होता. कोळसा इथे १८१० च्या सुमारास सापडला. १८९० मध्ये मित्सुबिशीने बेट १ लाख येनना विकत घेतलं आणि १८९७ ते १९३१ या काळात सहा टप्प्यांत, खाणीतूनच निघालेला दगड-माती टाकत, त्याच्याभोवती भराव घातला. वाशी-कोपरखैरणेच्या माणसाला भरावावर राहणं म्हणजे काय ते वेगळं सांगायला नको. नवी मुंबईच्या भरावापलीकडे निदान खाडी आहे. इथे खुला समुद्र.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, आणि ती नकाशा समोर ठेवल्याशिवाय कळत नाही. खाणीची यंत्रं, शाफ्ट (म्हणजे खाणीत उतरायच्या उभ्या विहिरी) आणि कोळशाचे साठे बेटाच्या पूर्वेला, नागासाकीच्या बाजूला होते. राहण्याच्या उंच इमारती पश्चिमेला आणि उत्तरेला, जिकडून वादळी लाटा येतात तिकडे. म्हणजे खाणीच्या पुढे आडोसा म्हणून घरं. पश्चिमेच्या इमारतींमागच्या एका गल्लीला तिथले लोक ‘खाऱ्या पावसाची गल्ली’ म्हणत, कारण लाट नऊ मजली भिंतीवर आपटून तिचं पाणी गच्चीवरून पलीकडे पडायचं. बोटीतून बेटाकडे बघताना हा एक मुद्दा डोक्यात असेल तर बाकीची मांडणी आपोआप उलगडते.

गूगलने २०१३ मध्ये बेटाची रस्त्यावरून दिसणारी दृश्यं टिपली, बंद भागासकट. घरी मोठ्या पडद्यावर ती उघडा. ६५ क्रमांकाची नऊ मजली इमारत, जिच्या गच्चीवर बालवाडी होती, आणि ‘नरकाचा जिना’ म्हणून ओळखला जाणारा उंच जिना तुम्हाला प्रत्यक्ष जवळून बघता येणार नाही; पडद्यावर येईल. पायवाट सोडून आत शिरणं हा गुन्हा आहे, आणि तिथल्या स्लॅबचा भरवसा बघता मूर्खपणाही.

बोटीचा दिवस

प्रत्येक कंपनीचा धक्का वेगळा आहे. कोणाची बोट ओहातो टर्मिनलवरून सुटते, कोणाची तोकिवाच्या धक्क्यावरून, कोणाची मोतोफुनाहून. चुकीच्या धक्क्यावर जाऊन उभं राहणं ही इथली सगळ्यात नेहमीची फजिती. आदल्या संध्याकाळी ट्रामने जाऊन जागा बघून या. ट्राममध्ये मागच्या दाराने चढायचं, पुढच्या दाराने उतरायचं आणि पैसे उतरताना द्यायचे. भाडं अंतर कितीही असलं तरी एकच. सुट्टे नसतील तर चालकाशेजारच्या यंत्रातून हजार येनची नोट आधी मोडून घ्या, कारण भाड्याची पेटी उरलेले पैसे परत देत नाही.

निघण्याच्या किमान अर्धा तास आधी पोहोचा. तिथे एका हमीपत्रावर सही करावी लागते: पायवाट सोडणार नाही, सूचना पाळीन, वगैरे. ते न देणाऱ्याला उतरू देत नाहीत.

बरोबर काय घ्यायचं: सपाट तळाचे, पक्के बांधलेले बूट; उंच टाचा आणि चप्पल नको. छत्री बेटावर उघडू देत नाहीत, म्हणून रेनकोट. टोपी असेल तर हनुवटीखाली दोरी असलेली. पाण्याची बाटली, कारण बेटावर नळ नाही, दुकान नाही आणि संडासही नाही. बोटीतला वापरून उतरा. ज्यांना मांडव्याच्या लाँचमध्ये गरगरतं त्यांनी गोळी डॉक्टरांना विचारून बोट सुटण्याच्या अर्धा-पाऊण तास आधी घ्यायची. मळमळ सुरू झाल्यावर घेतलेली गोळी पोटात टिकत नाही. न्याहारी हलकी करा, पण रिकाम्या पोटी जाऊ नका.

बंदरातून बाहेर पडताना उजव्या बाजूला बसा. पश्चिम काठावर मित्सुबिशीची गोदी आहे आणि तिथे १९०९ मध्ये बसवलेली १५० टनांची विजेवर चालणारी यारी उभी आहे. मुंबईत बॅलार्ड पिअर व्हायचं होतं तेव्हाची ही यारी, आणि ती अजून कामात आहे. पुढे मेगामी पूल, मग इओजिमा आणि ताकाशिमा ही बेटं, आणि पाऊण तासाच्या आत-बाहेर हाशिमा.

धक्क्याला लागणं हाच खरा कसोटीचा क्षण. बेटाला बंदर नाही. किनाऱ्यापासून जरा पुढे समुद्रात रोवलेला काँक्रीटचा एक ठोकळा आहे, त्याला डॉल्फिन धक्का म्हणतात. १९५४ मध्ये बांधलेला पहिला धक्का दोनच वर्षांत वादळाने नेला, १९५८ चा दुसरा पुढच्याच वर्षी गेला, आणि १९६२ चा तिसरा टिकला. बोट दोरांनी आवळून धरतात, खलाशी दोन्ही बाजूंना उभे राहतात आणि लाट खाली बसली की एकेकाला ‘आता’ म्हणतात. दोन्ही हात मोकळे हवेत. फोन खिशात, कॅमेरा गळ्यात, पिशवी पाठीवर. पाण्यात पडणारी वस्तू बहुधा इथेच पडते.

तीन जागा, आणि प्रत्येकीत काय शोधायचं

पहिल्या जागेवरून समोर काँक्रीटच्या चौकटींची एक रांग दिसते, कोणी देऊळ बांधायला घेऊन सोडून दिल्यासारखी. त्यांच्यावरून कोळशाचा पट्टा चालायचा. मागे सात मजली शाळा. वर खडकावरची इमारत अधिकाऱ्यांची, घरात स्वतःचं न्हाणीघर असलेली. खालच्यांना सार्वजनिक हमामखाने. कोण किती उंचावर राहतो यावरून पगार कळायचा. खडकावरचा दिवा खाणीच्या काळातला नाही. बेट रिकामं झाल्यावर रात्री खिडक्यांचा उजेड राहिला नाही, म्हणून १९७५ मध्ये दीपस्तंभ बांधावा लागला.

दुसऱ्या जागेवर सगळ्यात जास्त वेळ द्या. लाल विटांची एक भिंत उभी आहे, ते मुख्य कार्यालय. त्याच्या जवळ एक जिना हवेत जाऊन संपतो. हा दुसऱ्या शाफ्टचा जिना. कामगार तो चढून वरच्या फलाटावर जायचे आणि पिंजऱ्यात उभे राहायचे. पिंजरा सेकंदाला ८ मीटर वेगाने सहाशे मीटरहून खोल उतरायचा. तिथून पुढे तिरक्या थरांच्या मागे चालत जायचं. काम समुद्रतळाखाली हजार मीटरपर्यंत गेलं होतं. खाली तापमान ३० अंशांच्या वर, हवेत ९५ टक्के ओल, आणि मिथेन. वर आल्यावर आंघोळ तीन टाक्यांत: पहिल्या टाकीत कपड्यांसकट, खारं पाणी; दुसऱ्यात कपडे काढून, तेही खारं; तिसऱ्यात गोडं. गोड्या पाण्याची चणचण एवढी की आधी समुद्राचं पाणी उकळून वाफेचं पाणी करत, मग बोटीतून आणत, आणि १९५७ मध्ये समुद्रतळावरून साडेसहा किलोमीटरची जलवाहिनी टाकली तेव्हा कुठे नळ आले. जिन्याच्या पायऱ्यांकडे बघताना एक गोष्ट ध्यानात घ्या: दिवसपाळीला काय आणि रात्रपाळीला काय, वर चढलेला प्रत्येक माणूस खाली जात होता.

इथेच तटबंदीत जुना दगडी भाग शोधा. काँक्रीटच्या पट्ट्यांमध्ये तपकिरी दगडांची चुनेगच्ची बांधणी दिसेल. चुना आणि लाल माती यांचं मिश्रण घालून रचलेली ही भिंत मेइजी काळातली, म्हणजे १८६८ ते १९१२ मधली. वसईच्या किल्ल्यातला चुना ज्याने जवळून पाहिलाय त्याला ती लगेच ओळखू येईल. गंमत म्हणजे २०१५ मध्ये जागतिक वारशात जे आलं ते हेच: ही तटबंदी आणि शाफ्ट. सगळे ज्यांचे फोटो काढतात त्या इमारती नंतरच्या काळातल्या आहेत आणि त्या वारशाच्या व्याख्येत बसत नाहीत.

तिसऱ्या जागेवर ३० क्रमांकाची इमारत. १९१६ ची, सात मजली, जपानमधली सगळ्यात जुनी सळई-काँक्रीटची निवासी इमारत. २०२० मध्ये तिचा काही भाग कोसळला. पुढच्या काही वर्षांत ती उभी दिसेल का, याची शाश्वती कोणी देत नाही. हे का होतं ते ठाणे-नवी मुंबईकराला समजायला सोपं आहे. खाऱ्या हवेतलं मीठ काँक्रीटच्या बारीक छिद्रांतून आत झिरपतं आणि सळई गंजते. गंज मूळ लोखंडाच्या दुप्पट-तिप्पट जागा घेतो, त्याच्या दाबाने काँक्रीट आतून फुटतं आणि कवच सुटून पडतं. सळई उघडी पडली की वेग आणखी वाढतो. खाडीलगतच्या जुन्या इमारतींत छतातून जे पोपडे पडतात, त्यांचं हेच कारण, फक्त तिथे दर काही वर्षांनी सोसायटी वर्गणी काढून डागडुजी करते. हाशिमाची शेवटची डागडुजी १९७४ च्या आधीची. १५ जानेवारी १९७४ ला खाण बंद झाली आणि २० एप्रिलला शेवटचा रहिवासी बोटीत चढला. तेलाने कोळशाला मागे टाकलं होतं. तोवर या बेटाने जवळपास १ कोटी ५७ लाख टन कोळसा दिला होता. तो दर्जेदार, पोलादाच्या भट्टीला लागणारा असल्याने यावाताच्या कारखान्यात जायचा.

पाटीवर जे नसतं ते

ठाणेकरांना १८५३ हे साल वेगळं सांगावं लागत नाही. १६ एप्रिलला बोरीबंदरहून ठाण्याला गाडी आली आणि त्याच वर्षी जुलैत अमेरिकेची वाफेची जहाजं टोकियोच्या उपसागरात शिरली. त्यांच्या मागण्यांमध्ये एक होती कोळसा. जपानने दारं उघडली आणि पुढच्या सोळा वर्षांत, १८६९ मध्ये, शेजारच्या ताकाशिमा बेटावर वाफेच्या यंत्राने चालणारा पहिला पाश्चात्त्य धाटणीचा शाफ्ट खणला गेला. हाशिमा त्याच गोष्टीचा पुढचा भाग आहे.

त्या गोष्टीत दुसऱ्या महायुद्धाची वर्षंही येतात. जपानी कामगार सैन्यात गेले तेव्हा कोरियातून आणि चीनमधून माणसं आणून त्यांना इथे कामाला जुंपलं गेलं. वारसा म्हणून नोंद होताना, २०१५ मध्ये बॉनच्या बैठकीत जपानच्या प्रतिनिधीने मान्य केलं की अनेक कोरियन आणि इतर लोकांना त्यांच्या इच्छेविरुद्ध आणून कठीण परिस्थितीत राबवलं गेलं, आणि ही बाजू समजावून सांगण्याचं आश्वासनही दिलं. त्यासाठी टोकियोत २०२० मध्ये माहिती केंद्र उघडलं, पण त्यातली मांडणी अपुरी असल्याबद्दल २०२१ मध्ये वारसा समितीने तीव्र खेद नोंदवला. बोटीवरच्या वर्णनात बहुधा शाळा, सण, दूरचित्रवाणी संच आणि गच्चीवरच्या बागा येतात. त्या खऱ्याच आहेत. दुसरी बाजू हवी असेल तर नागासाकी स्थानकाजवळ निशिझाका टेकडीच्या अंगाला नागरिकांनी चालवलेलं मानवाधिकार आणि शांततेचं छोटं संग्रहालय आहे. तिथे एक तास द्या, आणि शक्यतो बोटीच्या आदल्या दिवशी द्या.

उतरू दिलं नाही तर

पहिल्या दिवशी बोट नुसती वळसा घालून आली, तर हळहळत बसू नका. पश्चिमेची इमारतींची भिंत आणि युद्धनौकेसारखी दिसणारी ती प्रसिद्ध बाह्याकृती फक्त बोटीतूनच दिसते, पायवाटेवरून नाही. ‘गुनकानजिमा’, म्हणजे युद्धनौका-बेट, हे टोपणनाव त्या आकृतीवरूनच पडलं. ती डोळे भरून बघा आणि दुसऱ्या दिवसाचं आरक्षण हातात ठेवा.

दोन्ही दिवस हुकले तर दोन पर्याय चांगले आहेत. ताकाशिमाला ओहातोहून साधी प्रवासी बोट जाते, ३५ मिनिटं. तिथे कोळशाचं संग्रहालय आहे, त्याच्या बाहेर हाशिमाची मोठी प्रतिकृती आहे आणि तो १८६९ चा शाफ्टही बघता येतो. एका कंपनीची हाशिमाची फेरीच वाटेत ताकाशिमाला थांबते. आरक्षण करताना ती निवडली तर हा भाग आपोआप पदरात पडतो.

दुसरा पर्याय इकेशिमा, आणि ज्याला खाणीतच रस आहे त्याने तर हाशिमापेक्षा आधी इथे जावं. नागासाकी ज्या क्यूशू बेटावर आहे, त्या भागातली ही शेवटची कोळशाची खाण, २००१ मध्ये बंद झाली. बेटावर थोडी माणसं अजून राहतात, ओस पडलेल्या वसाहतीतून मांजरं फिरतात, आणि मुख्य म्हणजे हेल्मेट घालून खाणीच्या छोट्या गाडीतून जमिनीखाली जाता येतं. हाशिमात शाफ्टचं तोंड लांबून दिसतं. इथे बोगद्यात उभं राहून छिद्रं पाडणाऱ्या यंत्राला हात लावता येतो. त्यासाठी आधी आरक्षण लागतं, आयत्या वेळी जाऊन मिळत नाही. नागासाकीहून बस आणि बोट मिळून दोन-अडीच तास धरा. परतीची शेवटची बोट किती वाजता आणि तिच्यावर मिळणारी बस कोणती, हे सकाळी बेटावर उतरल्या-उतरल्या धक्क्यावरच्या वेळापत्रकाचा फोटो काढून ठेवा. बसच्या फेऱ्या मोजक्या आहेत आणि खाणीतली सहल दहा मिनिटं लांबली तरी जोड हुकते.